लाकडी पोराचा आवाज

आमच्या सीमाभागातली पोरे दोन भाषांत खोड्या काढायला शिकतात. उंबऱ्याच्या आत मराठीत, गल्लीत कानडीत. म्हणूनच की काय, युरोपातल्या अशाच एका दुभाषी मुलखातल्या वात्रट पोराची हकीकत वाचली तेव्हा तो मला परका वाटला नाही. त्याचे नाव हुर्विनेक. अंग लाकडाचे, पायांत लाकडी बूट आणि गरगर फिरणारे टपोरे डोळे.

हा मुलूख म्हणजे बोहेमिया, आजच्या चेक प्रजासत्ताकाचा भाग. ऑस्ट्रियाच्या राज्यात तिथे सरकारदरबारी जर्मनचा मान मोठा. चेक ही खेडुतांची, नोकराचाकरांची भाषा समजली जाई. अशा दिवसांत मात्येय कोपेत्स्की (१७७५–१८४७) यांच्यासारखे फिरते कळसूत्रीवाले गावोगाव चेकमधून बाहुल्यांचे खेळ करीत. नाटकगृह ज्यांच्या नशिबी नव्हते, त्यांना आपली भाषा रंगमंचावरून ऐकू आली ती या बाहुल्यांच्या तोंडून.

प्ल्झेन शहरातले चित्रकलेचे शिक्षक योसेफ स्कुपा याच परंपरेत वाढले. पहिल्या महायुद्धानंतर, १९२० च्या सुमारास, त्यांनी स्पेय्ब्ल नावाचा बाहुला रंगमंचावर आणला. काळा कोट, पायांत लाकडी बूट, अक्कल बेताची आणि ऐट मात्र दिवाणाची! १९२६ मध्ये गुस्ताव नोसेक यांनी त्याच्यासाठी पोरगा कोरला, तोच हुर्विनेक. बापाने उपदेशाला तोंड उघडावे आणि पोराने त्यातला शब्द पकडून असा उलट प्रश्न टाकावा, की बापाची बोबडी वळावी. त्याची सारी खोडी ही भाषेतली खोडी. बापाचा घोगरा आवाज आणि पोराचा चिरका, दोन्ही स्कुपांचेच. त्यामुळे ही जोडी ग्रामोफोनच्या तबकड्यांवर आणि रेडिओवरही रंगली. दोऱ्या दिसत नसल्या तरी ऐकणाऱ्याला बाप कोणता अन् पोर कोणता हे बरोबर कळे.

पुढे देश नाझींच्या ताब्यात गेला. १९४४ मध्ये स्कुपांना अटक झाली, नाटकगृह बंद पडले आणि ते स्वतः ड्रेस्डेनच्या तुरुंगात गेले. फेब्रुवारी १९४५ मध्ये त्या शहरावर भीषण बॉम्बवर्षाव झाला, त्या धुमाळीत ते निसटले. त्याच वर्षी प्रागमध्ये त्यांनी पुन्हा पडदा वर केला.

मला सर्वांत मोलाची वाटते ती यापुढची गोष्ट. बाहुला लाकडाचा, तो टिकतो. आवाज माणसाचा, तो माणसाबरोबर जातो. स्कुपांनी हे ओळखून आपल्या हयातीतच दोन्ही आवाज मिलोश किर्श्नर या तरुणाला शिकवले. १९५७ मध्ये स्कुपा गेले. बापलेकांचे भांडण मात्र चालूच राहिले. १९७० च्या दशकात दूरचित्रवाणीच्या निजवेळच्या कार्यक्रमातून ते घराघरांत ऐकू येऊ लागले. किर्श्नर तर परदेशी जाऊन तिथल्या लोकांच्या भाषांतून हुर्विनेकला बोलते करीत. ज्या जर्मनच्या सावलीत चेक दबली होती, तिच्यातूनसुद्धा! १९९६ मध्ये किर्श्नर वारले, तेव्हा मार्टिन क्लासेक आधीच तयार होते. २०१६ मध्ये युनेस्कोने चेक आणि स्लोव्हाक कळसूत्री कलेला मानवजातीच्या वारशात स्थान दिले.

आपल्याकडेही यशवंत केशव पाध्ये यांचा अर्धवटराव १९६७ पासून रामदास पाध्ये यांच्या आवाजात बोलू लागला, हे मराठी वाचकाला सांगायला नको.

आपण सीमाभागातले लोक भाषेसाठी ठराव केले, मोर्चे काढले, तुरुंग भोगले. ते करावेच लागले. पण हुर्विनेककडे पाहिले की वाटते, आपला आवाज पुढच्याच्या गळ्यात उतरवण्याचे काम मात्र घरातच व्हायचे असते. नातू कानडीत किंवा इंग्रजीत वात्रटपणा करतो, याचे मला दुःख नाही. आजोबांना निरुत्तर करणारा उलट प्रश्न त्याला मराठीतही सुचावा, एवढीच इच्छा आहे.