मृगयापक्षी : गृहपाकातील संस्कार

ज्या रानपक्ष्यांची शिकार मुख्यत्वे त्यांच्या मांसाकरिता होत आली, ते पक्षी साफ करणे, मुरविणे, रांधणे व वाढणे यांसंबंधीची घरगुती पाकविद्या. दख्खनच्या पठारावर या वर्गात राखी व रंगीत तितर, रानलावे व पावसाळी लावे, उघड्या माळावरची पखुर्डी, डोंगरउतारावरच्या झुडुपांतील चकोत्री, सह्याद्रीतला राखी रानकोंबडा आणि पूर्व विदर्भाच्या वनांतला तांबडा रानकोंबडा, होले व हरियल, त्याचप्रमाणे हिवाळ्यात तळ्यांवर उतरणारी पाहुणी बदके व पाणलावे यांची गणना होत असे. यांपैकी कोणाचीही शिकार आज कायद्याने निषिद्ध आहे. म्हणून प्रस्तुत नोंदीचा बराचसा भाग भूतकालीन व्यवहाराचा असून चालू व्यवहारात तिचा संबंध केवळ पाळीव जपानी लाव्याशी येतो. तरीही ही विद्या नोंदवून ठेवण्याजोगी आहे, कारण अल्पमेद मांस कसे शिजवावे याचे जे सूक्ष्म ज्ञान तिच्यात साठलेले आहे त्याची गरज पाळीव कोंबडीच्या पाकात क्वचितच पडते, आणि ज्या पिढीच्या हातात ते होते ती पिढी आता सरत आली आहे.

रानपक्ष्याचे मांस पाळीव पक्ष्याच्या मांसाहून भिन्न असते, त्याचे मूळ त्याच्या देहव्यापारात आहे. तितर, लावा व रानकोंबडा हे जन्मभर जमिनीवर धावणारे पक्षी. भय उपस्थित झाले म्हणजे ते क्षणमात्र जोराने उडतात आणि थोड्याच अंतरावर पुन्हा उतरतात. त्यामुळे त्यांच्या मांड्या गडद, स्नायुबद्ध व चिवट, तर छाती फिकी व कोवळ्या तंतूंची असते. याउलट बदक, होला व पखुर्डी यांना कोसचे कोस सतत उडावे लागते. त्या दीर्घ श्रमाकरिता प्राणवायू साठविणारे तांबडे द्रव्य त्यांच्या छातीच्या स्नायूंत विपुल असते, आणि म्हणून त्यांची छातीही काळसर लाल दिसते. पाणपक्षी व स्थलांतरापूर्वी पुष्ट झालेला लावा एवढे सोडले, तर बहुतेकांच्या अंगावर मेद नावापुरताच. तेव्हा अशा पक्ष्यास आच लागली असता छातीतील ओलावा आधी निघून जातो आणि मांडी मऊ व्हायला अद्याप अवकाश असतो. एकाच पातेल्यात एकाच वेळी घडणाऱ्या या दोन विरुद्ध गोष्टींचा मेळ घालणे हाच या पाकविद्येचा गाभा होय. देशोदेशींचे सर्व उपाय, मग ते तुपाचे असोत, डुकराच्या चरबीचे असोत वा रश्श्याचे असोत, शेवटी याच एका अडचणीवर योजलेले आहेत.

आपल्याकडील वैद्यकाने या मांसाचा विचार फार पूर्वी आणि फार आस्थेने केला. चरकसंहितेत मांसोपयोगी प्राण्यांचे जे वर्ग पाडले आहेत त्यांत पायांनी माती उकरून दाणे टिपणाऱ्या पक्ष्यांना ‘विष्किर’ अशी संज्ञा असून लाव, तित्तिर, चकोर, मयूर व कुक्कुट हे त्यांत येतात. पक्षिमांसांत लावा श्रेष्ठ मानला आहे. जलप्रदेशातील प्राण्यांचे मांस पचावयास जड आणि कोरड्या जांगल प्रदेशातील प्राण्यांचे हलके, हा त्या शास्त्राचा सर्वसाधारण सिद्धांत असून आजारातून उठलेल्या मनुष्यास मांसरस द्यावा असे जे सांगितले आहे, त्याचा धागा महाराष्ट्रातील ‘अळणी’पर्यंत येऊन पोहोचतो असे प्रस्तुत लेखकास वाटते. मसाला घालण्यापूर्वी हळद-मिठात शिजलेल्या मांसाचे जे निवळ पाणी मुलांसाठी व दुखणाइतांसाठी बाजूस काढून ठेवण्याची चाल मांसाहारी मराठी घरांत आहे, ती त्याच विचाराची घरगुती परिणती म्हणता येईल. कल्याणीचा चालुक्य राजा तिसरा सोमेश्वर याने इ. स. ११२९ च्या सुमारास रचलेल्या ‘मानसोल्लासा’त अन्नभोगाचे सविस्तर प्रकरण आहे, आणि त्याच ग्रंथात श्येनपक्षी शिकारीस सोडण्याचे व लाव्यांच्या झुंजींचे विनोदही वर्णिलेले आहेत; म्हणजे एकच पक्षी ताटात, रानात आणि आखाड्यात अशा तिन्ही ठिकाणी राजाच्या नजरेसमोर होता. पुढे मराठेशाहीच्या अठरा कारखान्यांत शिकारखाना आणि मुदबखखाना (स्वयंपाकखाना) असे दोन्ही स्वतंत्र कारखाने गणलेले आढळतात.

शिकार घरी आल्यावर पहिला प्रश्न वयाचा. कोवळ्या पक्ष्याच्या छातीच्या हाडाचे टोक बोटाने दाबले असता लवते, पायावरची आर आखूड व बोथट असते. जून नराची आर लांब, टोकदार, आणि हाड दगडासारखे कठीण. हा निर्णय चुकला म्हणजे पुढचे सर्व श्रम वाया जातात, कारण कोवळा तितर निखाऱ्यावर भाजण्यास योग्य आणि जून तितर रश्श्यावाचून अन्य कशासही योग्य नाही. यानंतर पिसे काढणे. मोठा पक्षी कढत पाण्यात क्षणभर बुडवून पिसे उपटीत व उरलेली लव जाळावर होरपळून काढीत. लावा इतका लहान की बहुधा कातडीसकट सोलून टाकीत. ही घाई सोयीची असली तरी स्वादाच्या दृष्टीने नुकसानीची आहे, कारण या पक्ष्यांना जो काही थोडा मेद असतो तो कातडीखालीच असतो. बंदुकीने मारलेल्या पक्ष्यात छर्रे राहतात. ते बोटांनी चाचपून, जखमेभोवतालच्या काळवंडलेल्या मांसासह काढून टाकणे अगत्याचे असे. शिशाचा चुरा मांसात दूरवर पसरतो व तो मुलांना आणि गर्भवतींना विशेष अपायकारक ठरतो, हे शास्त्राने पुढे दाखवून दिले.

मांस मुरविण्याच्या बाबतीत मात्र देशकालाचा भेद फार मोठा आहे. ब्रिटनमध्ये लाल ग्राउसची शिकार १२ ऑगस्टला आणि इंग्लंडात फेझंटची १ ऑक्टोबरला सुरू होते. पुढे थंडी वाढत जाणार असल्याने तेथे पक्षी पिसांसकट, आतडी न काढता, थंड कोठारात मानेने टांगून कित्येक दिवस ठेवण्याची प्रथा पडली. मृत्यूनंतर ताठरलेले स्नायू मांसातीलच पाचकद्रव्यांच्या क्रियेने हळूहळू सैल पडतात आणि वासही उग्र होत जातो. फ्रेंच भोजनमीमांसक ब्रिया-सावारँ याने १८२५ मध्ये प्रसिद्ध केलेल्या आपल्या ग्रंथात फेझंटची खरी गोडी तो कुजण्याच्या सीमेवर आल्यावरच प्रकटते असे प्रतिपादिले आहे. यापुढे जाऊन वुडकॉक नावाचा पाणलाव्याच्या कुळातला पक्षी तर आतड्यांसकट भाजून भाजलेल्या पावावर वाढतात. दख्खनच्या उन्हात यांपैकी काहीही संभवत नव्हते. येथे पक्षी पडल्याजागीच पोट साफ करावे लागे आणि त्याच दिवशी चुलीवर चढवावा लागे. टांगून ठेवण्याने जे काम तेथे होई, ते येथे आले-लसूण, आंबट दही आणि जून पक्ष्यापुरती कच्च्या पपईची चिमूटभर चटणी यांनी साधले जाई. पपईतील पाचकद्रव्य मांसाचे तंतू झपाट्याने तोडते. म्हणून तिचे प्रमाण वाढले वा वेळ लांबला, तर मांस मऊ न होता पिठूळ होते.

रांधण्याची मराठी रीत ही रश्श्याची रीत होय, आणि तिचे कारण गरिबीत शोधण्यापेक्षा पक्ष्याच्या आकारात शोधणे अधिक युक्त ठरेल. राखी तितराचे वजन सरासरी पाव किलोच्या थोडे वर, रानलाव्याचे तर जेमतेम ६० ते ८० ग्रॅम; दोन-चार पक्ष्यांत घरची सारी पंगत उठवायची, तर त्यांचा अर्क पाण्यात उतरवून भाकरीच्या कुसकऱ्यावर ओतणे हाच मार्ग. स्वयंपाकघरात मांस न चालणाऱ्या घरांत हे काम परसातल्या तीन दगडांच्या चुलीवर, वेगळ्या भांड्यांत होत असे आणि पुष्कळदा पुरुषच ते करीत. जून पक्षी असल्यास तुकडे हळद-मिठात परतून, झाकणावर पाणी ठेवून, मंद आचेवर दीड तासापर्यंत शिजू देत; मग अळणी काढून घेऊन उरलेल्यात भाजलेला कांदा व सुके खोबरे यांचे वाटण घालीत. कोकणात त्या जागी ओल्या नारळाचे वाटण येई. तिखट व गरम मसाला यांबाबत मात्र हात आखडता घेणे श्रेयस्कर: रानपक्ष्याच्या मांसाला त्याने खाल्लेल्या गवतबियांची व किड्यांची जी स्वतःची चव असते, ती काळ्या मसाल्याच्या भडिमाराखाली बुजवून टाकणे म्हणजे त्या पक्ष्यावर दुसऱ्यांदा अन्याय करणे होय, असे या लेखकाचे स्पष्ट मत आहे. कोवळ्या लाव्यास तर हळद, मीठ, लसूण आणि वारंवार सोडलेले तूप याहून अधिक काही लागत नाही.

लाव्यासंबंधी एक इशारा येथेच द्यावयास हवा. भूमध्य समुद्राच्या परिसरात स्थलांतराच्या काळी पकडलेले लावे खाल्ल्याने काही माणसांना तीव्र स्नायुवेदना होऊन मूत्र काळपट होते व मूत्रपिंडे निकामी होण्यापर्यंत पाळी येते. ही बाधा प्राचीन काळापासून ज्ञात आहे. बायबलाच्या जुन्या करारात वाळवंटातील इस्रायली लोकांवर लावे खाल्ल्यानंतर जी आपत्ती कोसळली तिचा संबंध काही अभ्यासक हिच्याशी जोडतात. विष पक्ष्याच्या खाद्यातून येत असावे असा तर्क असला तरी नेमके कारण अद्याप सिद्ध झालेले नाही, आणि नीट शिजवलेल्या मांसातूनही बाधा झालेली आढळते.

शिकारीस लगाम कायद्याने टप्प्याटप्प्याने घातला. मुंबई राज्यात १९५१ च्या वन्य प्राणी व वन्य पक्षी संरक्षण अधिनियमान्वये परवाना घेऊन मोसमापुरती शिकार करता येत असे. १९७२ चा केंद्रीय वन्यजीव संरक्षण अधिनियम व त्यातील १९९१ ची दुरुस्ती यांनी हा दरवाजा बंद केला. तो बंद होणे आवश्यकच होते. ज्या माळरानांवर माळढोक कळपाने चरत असे तेथे तो आज दिसेनासा झाला आहे, व त्याच्या मांसाची ख्याती हे त्या ऱ्हासाचे एक कारण होते. परंतु या बंदीची झळ सर्वांना सारखी लागली नाही. घोड्याच्या केसांचे फास लावून, पाळलेल्या तितराच्या हाकेने रानातला तितर बोलावून जिवंत पक्षी आठवडी बाजारात विकणारे फासेपारधी गुन्हेगार जमाती कायद्याचा जाच आधीच सोसून बसले होते. तो कायदा १९५२ मध्ये रद्द झाल्यावर वीस वर्षांतच त्यांची पिढीजात विद्या पुन्हा अपराध ठरली, आणि त्या बदल्यात त्यांना जमीन वा रोजगार देण्याची जी जबाबदारी सरकारावर येत होती ती पुरेशी पार पडली नाही. पक्ष्यांच्या पाऊलखुणा, आवाज व ऋतुचर्या यांचे त्यांच्याइतके ज्ञान असलेले लोक विरळाच असल्याने संरक्षणाच्या कामी त्यांना आरंभीच सामावून घेणे अधिक शहाणपणाचे झाले असते.

आज घरी रांधण्यास उपलब्ध असलेला पक्षी म्हणजे १९७४ मध्ये इज्जतनगर येथील संशोधनकेंद्रात आणलेला व तेथून पसरलेला जपानी लावा. अंड्यातून तो सतरा-अठरा दिवसांत बाहेर येतो, सुमारे सहा आठवड्यांत वयात येतो आणि विक्रीच्या वेळी १५० ते २०० ग्रॅम भरतो. मूठभर वजनाचा जो पक्षी आडबाजूला ‘लावा’ म्हणून विकला जातो तो रानातून पकडलेला असण्याचा संभव असल्याने घेऊ नये. पाळीव लावा पाठीतून चिरून उघडा पसरावा, हळद, मीठ व लसूण लावून अर्धा तास ठेवावा, आणि प्रखर निखाऱ्यावर वा जाड तव्यावर तूप सोडीत दहा ते पंधरा मिनिटे, प्रथम कातडीची बाजू खाली करून, भाजावा. मांडीच्या सांध्यात सुरी टोचली असता रस निवळ आला म्हणजे तो झाला असे समजावे. उष्णतामापक असल्यास आतील तापमान ७४ अंश सेल्सियस भरावे. रस्सा करावयाचा झाल्यास वाटण आधी पूर्ण शिजवून घ्यावे आणि पक्षी शेवटच्या वीस-पंचवीस मिनिटांतच आत सोडावा.