ज्योतीकडून जुगाराच्या टेबलाकडे

वेस अँडरसनच्या ‘द वंडरफुल स्टोरी ऑफ हेन्री शुगर’ या लघुपटाला २०२४ साली ऑस्कर मिळालं. हेन्री हा बापजाद्यांच्या पैशावर जगणारा रिकामटेकडा. एका वहीत त्याला डोळ्यांविना पाहणाऱ्या इमदाद खानाची हकिगत सापडते. मग मेणबत्तीच्या ज्योतीवर नजर रोखून, तीनेक वर्षं घासून, हेन्रीही पत्त्याचं पालथं पान ओळखू लागतो. कशासाठी? तर कॅसिनोत जिंकायला! पैसा मिळतो, जिंकण्यातली मजा जाते आणि गडी अनाथालयं काढतो. हा शेवट मला जरा जास्तच गोड वाटतो. पण ज्योतीचा भाग आपल्या घरचा आहे. ते त्राटक.

लघुपटामागे रोआल्ड डालची १९७७ची कथा आहे आणि कथेमागे त्याचाच १९५२चा एक लेख, खऱ्याखुऱ्या कुडा बक्षवरचा. हा कुडा, म्हणजे खुदा बक्ष, १९०५ साली जम्मूकडच्या अखनूरला जन्मला. डोळ्यांवर कणकेचे गोळे, वर पट्ट्या, सगळं डोकं कापडात गुंडाळलेलं, आणि तरी तो समोरचं पुस्तक वाचून दाखवी. १९३५मध्ये इंग्लंडात अलौकिक दाव्यांचा अभ्यासक हॅरी प्राइस याच्या देखरेखीखाली तो निखाऱ्यांवरूनही चालला. वाचनाचं श्रेय तो एकाग्रतेला देई. जादूगार मंडळी नाकाशेजारच्या फटीला देतात. उतारवयात काचबिंदूनं त्याची दृष्टी गेली.

आता मूळ पुरुषाकडे. ‘हठप्रदीपिके’त त्राटक येतं ते षट्कर्मांत, म्हणजे धौती, बस्ती, नेती यांच्या पंगतीला. पोट धुवा, नाक धुवा, तसे डोळेही धुवा. बारीकशा खुणेवर नजर स्थिर करायची आणि डोळ्यांतून पाणी येईपर्यंत हलवायची नाही. फळ काय, तर नेत्ररोग जातात, सुस्ती जाते. पत्ते-बित्ते काही नाही. मात्र ही क्रिया सोन्याच्या पेटीसारखी गुप्त राखावी, असंही ग्रंथकार बजावतो. नंतरच्या ‘घेरंडसंहिते’त फळांच्या यादीत दिव्यदृष्टी येऊन बसते. माझ्या मते कुळाला फाटा फुटला तो इथे: धुण्याच्या क्रियेला बक्षीस लागलं. लोणावळ्याचं कैवल्यधाम स्वामी कुवलयानंदांनी १९२४ साली काढलं, योग प्रयोगशाळेत तपासायला. त्या शाखेत त्राटक शुद्धिक्रियाच राहिलं. दुसरी शाखा रंगमंचावर गेली.

अशा शक्तीची हाव मात्र विलायतेतून आली असं म्हणायची सोय नाही, निदान आम्हा टिटवाळेकरांना तरी. कण्वांचा आश्रम इथेच होता अशी इथली श्रद्धा. दुर्वासांच्या शापानं दुष्यंत शकुंतलेला विसरला, तेव्हा कण्वांनी तिला गणपतीची उपासना सांगितली म्हणे. म्हणूनच लग्न जुळावं, टिकावं असं साकडं घालायला लोक टिटवाळ्याच्या गणपतीला येतात आणि अंगारकीला रांग हलता हलत नाही. (महाभारतात हा शाप नाहीच, तो कालिदासानं घातला, म्हणजे आमच्या गणपतीच्या कथेवर थोडा हक्क कालिदासाचाही.) त्या शापाकडे एकदा हिशेबाच्या नजरेनं पाहा. एवढं तप साठवलेलं, आणि दुर्वासांनी ते खर्चलं कशावर? एका पोरीनं हाकेला ओ दिली नाही यावर. चांगदेवही योगबळावर वाघावर बसून, हातात सापाचा चाबूक घेऊन निघाले ते ज्ञानदेवांना थाट दाखवायलाच. पतंजलींनी सिद्धींना समाधीच्या वाटेतले अडथळे म्हटलं, ते अशी गिऱ्हाईकं पाहूनच असावं.

कुडा बक्षचा खेळ अलीकडे शहरांतून ‘मिडब्रेन अॅक्टिव्हेशन’ या नावानं परतला. मुलाच्या डोळ्यांवर पट्टी बांधतात, ते पुस्तक वाचतं, रंग ओळखतं आणि आईबाप हजारोंची फी मोजतात. हेन्रीनं निदान मेहनत स्वतः केली होती. इथे फसवायचं काम लेकराकडून करून घेतात. अंधश्रद्धा निर्मूलनाच्या कार्यकर्त्यांनी या वर्गांना जाहीर आव्हानं दिली. तपासणी सोपी आहे. नाकाशेजारची फट नीट बुजवायची, किंवा कागद खाली मांडीवर न ठेवता कपाळासमोर धरायचा. वाचन थांबतं.