सावकारी पाशाचा पडदा

मूकपटांचा विषय निघाला की बोलणे फाळक्यांपासून सुरू होते आणि बहुधा तिथेच संपते. ‘राजा हरिश्चंद्र’ १९१३ चा, त्याचा मान मोठाच. पण नागपुरात, कापसाच्या आणि कर्जाच्या प्रदेशात राहणाऱ्या मला अधिक जवळचा वाटतो तो कोल्हापूरचा बाबूराव पेंटर.

त्यांचे मूळ आडनाव मेस्त्री. जन्म १८९० चा, घर कारागिरांचे. बाबूराव आणि त्यांचे चुलतभाऊ आनंदराव नाटक कंपन्यांचे पडदे रंगवीत, म्हणून लोकांनी त्यांचे आडनावच पेंटर करून टाकले. फाळक्यांचा चित्रपट पाहून दोघांनाही सिनेमाचे वेड लागले. विलायती कॅमेऱ्याला पैसा कुठला? आनंदराव १९१६ मध्ये वारले. बाबूरावांनी मग दामल्यांच्या साथीने स्वतःच कॅमेरा तयार केला. तानीबाई कागलकर या गायिकेने भांडवलाला हात दिला आणि महाराष्ट्र फिल्म कंपनी उभी राहिली. १९२० मध्ये ‘सैरंध्री’ पडद्यावर आला. बायकांच्या भूमिका बायकांनीच करायच्या हा आग्रह त्यांनी धरला. पुरुषांनीच लुगडी नेसण्याचा तो काळ होता, हे ध्यानात घेतले पाहिजे.

या कंपनीची कामाची पद्धत मला फार मोलाची वाटते. ती एक कार्यशाळाच होती. सुतारकाम, रंगकाम, कॅमेरा, अभिनय, सगळे तिथे शिकायला मिळे. विष्णुपंत दामले आणि शेख फत्तेलाल ही जोडी तिथेच घडली. कागलचे फत्तेलाल म्हणजे सगळ्यांचे ‘साहेबमामा’. पुढे १९३६ मध्ये या दोघांनी मिळून ‘संत तुकाराम’ दिग्दर्शित केला आणि व्हेनिसच्या महोत्सवात त्याचा गौरव झाला. एक दामले, एक शेख, आणि विषय वारकऱ्यांचा तुकोबा! त्यावर कोणाला काही खुलासा द्यावा लागला नाही. हातातले काम चोख आहे की नाही, हाच तिथला दाखला होता.

बाबूरावांचे सर्वांत धाडसी पाऊल म्हणजे १९२५ चा ‘सावकारी पाश’. पौराणिक आणि ऐतिहासिक चित्रांना गर्दी होत असताना त्यांनी ना. ह. आपट्यांची कथा घेतली. सावकार लबाडीने शेतकऱ्याची जमीन गिळतो आणि शेतकरी शहरात गिरणी कामगार होतो. तरुण शांतारामांनी तो शेतकरी साकारला. त्याच वर्षी रशियात आयझेन्स्टाइनचा ‘बॅटलशिप पोटेमकिन’ आला. तिकडे क्रांतीनंतरचे सरकार पाठीशी होते, इकडे परक्या सरकारचे राज्य, उसनवारीचे भांडवल आणि हाताने बनवलेली यंत्रे. तरी पडद्यावरचा माणूस उपाशी आहे हे दोघांनाही दाखवायचे होते.

१९२९ मध्ये दामले, फत्तेलाल, शांताराम आणि धायबर बाहेर पडले. त्यांनी ‘प्रभात’ काढली. बोलपट आले आणि महाराष्ट्र फिल्म कंपनी बंद पडली. बाबूरावांनी १९३६ मध्ये ‘सावकारी पाश’ बोलता करून पाहिला, पण ते मन लावून रमले ते चित्रकला आणि शिल्पकलेतच. १९५४ मध्ये ते गेले.

आज तो मूक ‘सावकारी पाश’ पाहायला मिळत नाही. मागे राहिल्या आहेत आठवणी आणि लिहिलेले शब्द. याची खंत मला केवळ कलेसाठी वाटत नाही. विदर्भात कर्जापायी शेतकरी गळफास घेतो तेव्हा आपण त्याची बातमी करतो, आकडा करतो आणि पान उलटतो. शंभर वर्षांपूर्वी एका पेंटरने त्याच माणसाला पडद्यावर नाव, घर आणि बायको दिली होती. रिळे गेली. त्यांतला माणूस मात्र यवतमाळच्या, वर्ध्याच्या वाटेवर आजही भेटतो. त्याच्याकडे पाहायचे तेवढे आपण शिकलो, तरी बाबूरावांचे ऋण थोडे फिटेल.