शोभेची बाग आणि ताटांतील भाजी

दहा-बारा हातांचा तुकडा घ्यावा, त्यांत एखादी कल्पना मांडावी, आणि त्या मांडणींत गुलाब-शेवंतीच्या शेजारीं कोबी, वांगीं, मिरच्या, कोथिंबीर यांनाही मानाची जागा द्यावी, अशी प्रदर्शनी बागांची चाल अलीकडे बरीच रूढ झाली आहे. लंडनला चेल्सी येथें १९१३ पासून जें पुष्पप्रदर्शन भरतें त्यांत अशा खाद्य बागा लोक कौतुकानें पाहतात. फ्रान्समध्यें व्हिलांद्री येथें १९०६ सालीं जोआकिम कार्व्हालो यानें एक जुना राजवाडा विकत घेतला आणि त्याच्या भोंवतीं भाजीचे वाफेच भूमितीच्या आकृतींत बसवून टाकले. आमच्या पुण्यांतही एम्प्रेस गार्डनचें पुष्पप्रदर्शन पाहण्यास घरेंच्या घरें लोटतात.

हें सर्व नवें आहे, असें पाहणारास वाटतें. आम्हांस तसें वाटत नाहीं. शोभेची बाग एकीकडे आणि खाण्याची बाग दुसरीकडे, ही वांटणीच मुळीं आमच्याकडे उशिरां आली. महाराष्ट्रांतील साध्या घराच्या परसांत मोरीच्या पाण्यावर अळू, केळ आणि कर्दळ एकाच ओळींत उभीं असत. त्यांतील कोणतें झाड पोटासाठीं व कोणतें डोळ्यांसाठीं, हें घरधनिणीस विचारलें असतें तर ती हंसली असती. दोडक्याचा मांडव हा उन्हाळ्यांत सावली, श्रावणांत पिंवळीं फुलें आणि त्यानंतर भाजी देई. पेशवाईंतील पुण्याकडे पाहिलें तरी तेंच दिसतें. हिराबाग, रमणबाग, मोतीबाग, बेलबाग, तुळशीबाग या नांवांनीं अर्धें शहर ओळखलें जात होतें, व नांवांवरूनच कळतें कीं बाग म्हणजे नुसती हवा खाण्याची जागा नव्हे. देवाला तुळस-बेल तेथूनच यावयाचा. आज नांवें उरलीं आहेत. तुळशीबागेंत तुळस शोधीत फिरणारास बांगड्या आणि पितळी भांडीं मिळतात, हा भाग वेगळा.

वांटणी झाली ती इंग्रजी अंमलांत. जें गवत मनुष्य खात नाहीं आणि जनावरास खाऊं देत नाहीं, तें राखण्यासाठीं पाणी शिंपडावयाचें, ही हिरवळीची कल्पना आमच्या कुणब्यास कशी वाटली असेल याची आम्ही केवळ कल्पना करूं शकतों. तथापि इंग्रजांवर एकतर्फी दोष ठेवणें बरोबर नाहीं. सर जॉन माल्कम यांच्या कारकीर्दींत १८२८ सालीं दापोडीस सरकारी बाग निघाली, आणि डॉक्टर अलेक्झांडर गिब्सन यांच्यासारख्या मनुष्यानें तिचा उपयोग उपयुक्त वनस्पति वाढविण्याकडे केला. त्या बागेंतील झाडांचीं एका देशी चित्रकारानें काढलेलीं चित्रें एडिंबरोच्या शाही वनस्पतिउद्यानांत जपून ठेवलेलीं आहेत. चित्रकाराचें नांव मात्र कोणी लिहून ठेवलें नाहीं.

परंतु आमचा विषय पुणें नव्हे. पुण्याच्या पूर्वेस असलेले शिरूर व दौंड हे दोन तालुके होत. मावळांत जो पाऊस लोकांस दारें लावून बसावयास लावतो, तोच इकडे पोहोंचेपर्यंत रिता झालेला असतो. घोड आणि भीमा या नद्या वाहतात खऱ्या, पण त्यांचें पाणी वर चढविल्यावांचून वाफ्यास मिळत नाहीं. अशा मुलुखांत बाग हा शब्द उच्चारतांच पाण्याचा हिशेब पुढें उभा राहतो.

हा हिशेब किती जुना आहे? शिरूर तालुक्यांत घोडनदीच्या कांठीं इनामगांव आहे. तेथें १९६८ पासून १९८३ पर्यंत डेक्कन कॉलेजच्या विद्वानांनीं, डॉक्टर सांकळिया, ढवळीकर, अन्सारी प्रभृतींनीं, उत्खनन केलें. इसवी सनापूर्वीं सुमारें १६०० पासून ७०० पर्यंत तेथें शेतकरी रहात होते. जव, गहूं, मसूर, कुळीथ यांचे जळके दाणे त्यांच्या घरांत सांपडले. वस्तीच्या कडेनें खणलेला पाण्याचा पाट आणि त्यास घातलेला बांधही सांपडला. गांवच्या मुख्याचें म्हणून जें पांच खोल्यांचें घर ओळखलें गेलें, त्याच्या लगतच धान्याचें कोठार होतें. पाटाच्या पाण्यावर कोणाचा शब्द चालत असेल, हें यावरून उमजतें. पुढें हवा कोरडी होत गेली असें संशोधकांचें मत आहे. चौकोनी घरें जाऊन गोल झोंपड्या आल्या, शेती ओसरली, शिकार आणि गुरें यांवर भिस्त वाढली, व शेवटीं वस्ती उठली.

याच मुलुखांत, दौंड तालुक्यांतील केडगांव येथें, एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस एका बाईनें बाग लावली. तिची हकीकत आमच्या मतें अधिक विचार करण्याजोगी आहे. पंडिता रमाबाई १८८६ सालीं अमेरिकेस गेल्या. फिलाडेल्फियांत त्यांनीं फ्रोबेलच्या बालशिक्षणपद्धतीचा अभ्यास केला. फ्रोबेलनें १८४० सालीं आपल्या शाळेस जें नांव दिलें त्याचा अर्थच ‘मुलांची बाग’ असा आहे, आणि ती केवळ उपमा नव्हती: प्रत्येक मुलाचा स्वतःचा लहानसा वाफा, भोंवतीं सर्वांचे सामाईक वाफे, आणि त्यांत फुलांबरोबर भाजीपालाही असावा, अशी त्याची योजना होती. आपण ‘बालवाडी’ म्हणतों तेव्हां तींतही वाडी आहेच. ती आपणांस ऐकूं येत नाहीं इतकेंच.

बोस्टन येथें १८८७ सालीं स्थापन झालेल्या मंडळानें रमाबाईंस दहा वर्षें मदत देण्याचें पत्करलें. त्या आधारावर ११ मार्च १८८९ रोजीं मुंबईस शारदासदन निघालें व पुढल्या वर्षीं पुण्यास आलें. विधवांनीं शिकावें, हा त्याचा हेतु. १८९३ सालीं धर्मांतराच्या प्रश्नावरून जो वाद पेटला त्यांत रानडे व भांडारकर यांच्यासारख्या हितचिंतकांनीं सल्लागार मंडळ सोडलें. एकीकडे पुण्याचा आधार गेला, दुसरीकडे अमेरिकेचीं दहा वर्षें संपत चाललीं. अशा वेळीं बाईंनीं केडगांवास सुमारें शंभर एकर जमीन घेतली आणि तींत आंबा, संत्रें, लिंबू यांचीं झाडें लावलीं. फळांच्या उत्पन्नावर शारदासदन चालावें, ही त्यांतील योजना होती. कोणापुढें हात पसरावा लागूं नये म्हणून झाडें लावणारी ही बाई आम्हांस त्या सर्व वादांतील पंडितांहून अधिक व्यवहारी वाटते. रेल्वेचें स्टेशन जवळ असल्यामुळें फळ पुण्याच्या बाजारांत नेण्याची सोयही होती.

पण आंब्यास फळ धरावयास वर्षें लागतात, आणि भूक तितकी वाट पाहत नाहीं. १८९६ सालीं मध्यप्रांतांत दुष्काळ पडला. रमाबाई तिकडे गेल्या व शेंकडों मुली घेऊन परतल्या. तोंच पुण्यांत प्लेग. इतक्या मुली शहरांत ठेवणें अशक्य झालें, तेव्हां १८९७ सालीं त्यांस केडगांवच्या त्या शेतावर, तंबूंत आणि झोंपड्यांत, नेऊन ठेवावें लागलें. जी जमीन उत्पन्नासाठीं घेतली होती ती एकाएकीं घर झाली. तिचेंच पुढें मुक्तिसदन बनलें. १९०० च्या दुष्काळानंतर तेथें दीड हजाराहून अधिक माणसें होतीं. विहिरी खणल्या, मोटा चालल्या, आणि विणकाम, छापखाना, तेलाची घाणी यांबरोबर मुली शेतकामही शिकल्या. ज्या मुलींनीं उपासानें माणसें मेलेलीं पाहिलीं होतीं, त्यांच्या हातीं खुरपें देणें यांत केवळ उद्योगशिक्षण होतें असें आम्हांस वाटत नाहीं. थारोळ्यांतून पाटानें येणारें पाणी आपल्या आळ्यांत वळविणें म्हणजे उद्यांचें जेवण आपल्या हातीं आहे हें डोळ्यांनीं पाहणें होय.

रमाबाई ५ एप्रिल १९२२ रोजीं केडगांवासच वारल्या. त्यांच्या चरित्रकारांनीं धर्मांतराच्या वादास प्रकरणेंच्या प्रकरणें दिलीं आणि संत्र्यांच्या झाडांस एखादी ओळ. पक्षाभिमान्यांनीं लिहिलेल्या इतिहासांत असें होणारच. पुण्याच्या प्रदर्शनांत परसबागेचा नमुना मांडणारांनीं कधीं केडगांवचा वाफा मांडून पहावा: मध्यें संत्र्याचें कलम, कडेनें मेथी आणि कोथिंबीर, एका अंगास शेवग्याचें झाड, आणि पाणी झारीनें न घालतां पाटानेंच सोडावें. पाहणारांपैकीं दौंडकडील कोणी असेल तर तो प्रथम विहीर किती हात खोल आहे हेंच विचारील.