आईची जमीन, समुद्राचं पाणी

पाण्यापायी गाव सोडावं लागणं आपल्याला नवं नाही. कुणाचं गाव पुरानं उठलं, कुणाचं धरणानं. आज आम्ही सांगणार आहोत दूरच्या बेटांची गोष्ट. तिथं जमीन आईकडून लेकीकडे जाते.

पापुआ न्यू गिनी हा पॅसिफिक महासागरातला देश. त्याच्या बुगनव्हिल बेटापासून ८० किलोमीटरहून जास्त आत समुद्रात कार्टरेट ही चिमुकली बेटं आहेत. १७६७ साली तिथून गेलेल्या एका इंग्रज कप्तानाचं नाव त्यांना पडलं. बेटांची उंची पाण्यापासून जेमतेम दीड मीटर. समुद्र चढू लागला, तसं खारं पाणी तारोच्या खाचरांत शिरलं. तारो म्हणजे आपल्या अळूच्या कुळातला कंद, तिथलं रोजचं अन्न. हुएने बेटाचे तर समुद्रानं दोन तुकडे केले.

मग जायचं कुठं? १९८० नंतरच्या दशकात काही कुटुंबं बुगनव्हिलवर वसवली होती. पण ती जमीनही आधीच दुखावलेली होती. तिथं पांगुनाला तांब्याची मोठी खाण झाली. खाणीच्या कामासाठी जमीन घ्यायला माणसं आली, तेव्हा १९६९ मध्ये रोरोवाना गावच्या बाया आडव्या उभ्या राहिल्या. पोलिसांनी अश्रुधूर सोडला. पुढं १९८८ च्या अखेरीस खाणीवरूनच लढाई पेटली. ती जवळजवळ दहा वर्षं चालली. वसलेली कुटुंबं आपल्या बेटांवर परत गेली.

सरकारी मदत लवकर हलेना. म्हणून २००६ साली बेटांवरच्या वडीलधाऱ्यांनी स्वतःची संस्था काढली, ‘तुलेले पेइसा’. अर्थ असा, की आपल्याच बळावर लाटा पार करायच्या. तिची धुरा सांभाळली उर्सुला राकोवा या बेटावरच्याच बाईनं. चर्चनं टिनपुट्झ इथं जमीन दिली आणि २००९ मध्ये पहिली कुटुंबं निघाली.

याच काळात जेनिफर रेडफर्न या बाईंनी ‘सन कम अप’ हा माहितीपट केला. बेटावरची तरुण मंडळी बुगनव्हिलच्या गावांत जातात, लोकांशी नातं जोडतात, जमीन मागतात. लढाईनं पोळलेल्या लोकांपुढं हात पसरणं सोपं नसतं. अवघ्या ३८ मिनिटांचा हा माहितीपट २०११ साली ऑस्करच्या नामांकनात होता. कागदावर विस्थापित म्हणजे आकडा असतो. इथं त्याला तोंड फुटलं.

आपल्याकडंही हे काम झालंय. सरदार सरोवरात बुडणाऱ्या गावांवर आनंद पटवर्धन आणि सिमंतिनी धुरू यांनी १९९५ साली ‘नर्मदा डायरी’ केली. नंदुरबारकडचं मणिबेली त्यातलंच. या धरणाबाबत १९७९ च्या लवादाच्या निवाड्यात प्रत्येक सज्ञान मुलगा वेगळं कुटुंब धरला होता. सज्ञान लेकीला तशी जागा नव्हती.

मैत्रिणींनो, कार्टरेटच्या बाईकडं जमीन होती, ती समुद्रानं नेली. आपल्यातल्या पुष्कळजणींचं सातबाऱ्यावर नावच नाही. उद्या गाव उठलं तर भरपाई कुणाच्या हाती पडेल? पुढच्या बैठकीत प्रत्येकीनं घरचा सातबारा आणावा, नावं मोठ्यानं वाचावीत. आणि गावातल्या म्हाताऱ्या बायांनी पाहिलेले पूर, सोडलेली शेतं, हे त्यांच्याच आवाजात मोबाइलवर भरून ठेवावं. आपलं म्हणणं आपण जपलं, तरच ते उद्या कुणापुढं मांडता येईल.