भालजी पेंढारकर यांचे ऐतिहासिक चित्रपट : इतिहास आणि आख्यायिका

प्रस्तावना :
जपानी चित्रपटसृष्टीत सामुराईपटांना जे स्थान आहे, तेच मराठीत शिवकालावरील चित्रपटांना आहे. बाबूराव पेंटर यांच्या ‘सिंहगड’ (१९२३) या मूकपटात व्ही. शांताराम यांनी शेलारमामांची भूमिका केली होती. एकाच कलावंताने अनेक कामे सांभाळण्याच्या या परंपरेत भालजी पेंढारकर यांनी लेखन, दिग्दर्शन आणि ‘योगेश’ या नावाने गीतरचना केली. प्रस्तुत लेखात त्यांच्या ऐतिहासिक चित्रपटांचा इतिहासाच्या दृष्टीने विचार केला आहे.

कारकीर्द :
‘नेताजी पालकर’ (१९३९), ‘बहिर्जी नाईक’ (१९४३), ‘पावनखिंड’ (१९५६) ही शीर्षकेच बोलकी आहेत. भालजींनी राजाइतकेच त्याच्या सहकाऱ्यांना नायकत्व दिले. गांधीहत्येनंतर १९४८ मध्ये उसळलेल्या जाळपोळीत कोल्हापूरचा त्यांचा जयप्रभा स्टुडिओ भस्मसात झाला. तरीही १९५२ मध्ये ‘छत्रपती शिवाजी’ पडद्यावर आला. योगायोग असा की, त्याच वर्षी जपानमधील परकीय लष्करी अंमल संपून सामुराईपटांवरील बंधनेही दूर झाली.

आख्यायिकेचा प्रश्न :
‘थोरातांची कमळा’ (१९४१) मध्ये युवराज संभाजींची प्रेमकथा आहे. या कथेला समकालीन कागदपत्रांचा आधार नाही. मात्र याचा दोष एकट्या भालजींना देता येणार नाही. गडकऱ्यांच्या अपूर्ण ‘राजसंन्यास’ने संभाजींची विलासी प्रतिमा आधीच रूढ केली होती. वा. सी. बेंद्रे यांचे साधननिष्ठ चरित्र १९६० मध्ये, म्हणजे चित्रपटानंतर एकोणीस वर्षांनी प्रसिद्ध झाले. कमल गोखले यांच्या संशोधनाने ते काम पुढे नेले. ज्या संभाजीराजांना १६८९ मध्ये रत्नागिरी जिल्ह्यातील संगमेश्वरी कैद झाली, त्यांच्या चारित्र्याविषयीचा समज दीर्घकाळ रंगभूमी व पडद्याने घडविला, ही बाब इतिहासाच्या अध्यापकांनी गांभीर्याने घ्यावयास हवी.

समारोप :
भालजींना १९९१ चा दादासाहेब फाळके पुरस्कार मिळाला. १९९४ मध्ये त्यांचे निधन झाले. त्यांचे चित्रपट सतराव्या शतकाचे साधन ठरत नाहीत. परंतु विसाव्या शतकातील मराठी समाजाने आपला भूतकाळ कसा पाहिला, याचे ते अस्सल साधन आहेत. वर्गात ‘थोरातांची कमळा’ आणि बेंद्रे यांचा ग्रंथ शेजारी ठेवल्यास आख्यायिका व इतिहास यांतील भेद विद्यार्थ्याला स्वतःच उमगेल.