गोलेमिसचे ‘फुकटचे’ पदक

१८९६च्या अथेन्स ऑलिंपिकचा विषय निघाला की दिमित्रिओस गोलेमिसच्या वाट्याला एखादे कुत्सित वाक्य येतेच. आठशे मीटरच्या अंतिम शर्यतीत धावले तिघे, हा आला तिसरा. नुसती हजेरी लावली आणि कांस्यपदक घेऊन गेला! आकडेही आक्षेपकांचीच बाजू घेतात. ऑस्ट्रेलियाचा एडविन फ्लॅक २ मिनिटे ११ सेकंद, हंगेरीचा नांदोर दानी २:११.८ आणि लेफ्कादा बेटावरचा हा ग्रीक गडी २:२८. दानी पोहोचला तेव्हा गोलेमिस ऐंशी-नव्वद मीटर मागे रेंगाळत असणार. इथवरचा पूर्वपक्ष मला मान्य आहे.

पण मुळात तिघेच का धावले? ६ एप्रिलला दोन प्राथमिक फेऱ्या झाल्या आणि प्रत्येकीतून पहिले दोघेच पुढे गेले. दुसऱ्या फेरीत फ्रान्सचा आल्बां लेर्मुझियो २:१६.६ मध्ये पहिला आला, तर गोलेमिस २:१६.८ मध्ये दुसरा. दोन दशांश सेकंद म्हणजे जेमतेम पाऊलभर अंतर. या फेरीतले बाकीचे तिथेच गळाले. अंतिम शर्यत ९ तारखेला होती. लेर्मुझियोने दुसऱ्या दिवशीच्या मॅरेथॉनसाठी दम राखून ठेवायचे ठरवले आणि तो उतरलाच नाही. न आलेल्याच्या निर्णयाचा ठपका आलेल्यावर ठेवायचा, हा कुठला न्याय?

यावर हुशार आक्षेपक म्हणतो, तिसरा क्रमांक नक्की आहे हे ओळखून गोलेमिसने अंगचोरी केली. नाहीतर स्वतःच्याच आधीच्या वेळेपेक्षा ११ सेकंद जास्त कसे लागले? असेलही. पण मग त्याने लाटले तरी काय? अथेन्समध्ये विजेत्याला रौप्यपदक आणि ऑलिव्हची फांदी मिळाली, दुसऱ्याला ब्राँझचे पदक. तिसऱ्याला काहीच नव्हते. आज यादीत गोलेमिसच्या नावापुढे दिसणारे कांस्य आंतरराष्ट्रीय ऑलिंपिक समितीने पुष्कळ नंतर, मागच्या तारखेने लावलेले आहे. जे त्याच्या हाती पडलेच नाही, ते फुकट मिळाले म्हणून त्याला हिणवायचे!

घड्याळच प्रमाण मानायचे तर गोष्ट आणखी अवघड होते. आदल्याच वर्षी अमेरिकेच्या चार्ल्स किलपॅट्रिकने ८८० यार्ड, म्हणजे आठशे मीटरहून थोडे अधिकच अंतर, १:५३.४ मध्ये कापले होते. त्या मापाने फ्लॅकचे अव्वल स्थानही फिके पडते. पण त्याला कुणी फुकट्या म्हणत नाही. वेळा संथ होत्या, कारण शर्यती झाल्या त्या पानाथिनाइको स्टेडियमची धावपट्टीच अशी की दोन लांबलचक सरळ बाजू आणि टोकांना केसात खोवायच्या आकड्यासारखी अरुंद वळणे, त्यातून धावायचे घड्याळाच्या काट्यांच्या दिशेने. प्रत्येक वळणावर वेग मारावा लागे आणि पुन्हा जमवावा लागे. गोलेमिस ७ तारखेला पंधराशे मीटरही धावला होता; पण ती ढाल मी पुढे करणार नाही, कारण फ्लॅकही ती शर्यत धावला आणि जिंकलाही.

राहता राहिला लेर्मुझियो. ज्या मॅरेथॉनसाठी त्याने आठशेची अंतिम शर्यत सोडली, तिच्यात तो बराच वेळ आघाडीवर होता आणि साधारण ३२ किलोमीटरवर बाहेर पडला.